डावा खांदा बोटभर खाली

१ तारीख, सोमवार

ही वही मी हौसेनं लिहीत नाही. दुकानात नवं ‘उलटं कपाट’ बसवायला आलेल्या मिस्त्रीनं सांगितलं म्हणून लिहिते. म्हणाला, बाई, या कपाटानं आधी काय झालं आणि नंतर काय झालं याचा घोळ होतो, तर रोजचं रोज लिहून ठेवत जा. मी म्हटलं, माझी शाळा चौथीत सुटली. तो म्हणाला, माझी सातवीत सुटली, पण मला जोडाक्षरं अजून येत नाहीत. हे मला सांगायचं काय कारण होतं कोण जाणे.

तर लिहिते. माझं शिवणाचं दुकान आहे. कापणं आणि शिवणं माझं, काजं-बटणं नणंदेची. आधी कापायचं काम नवरा करायचा. तो गेल्याला नऊ वर्षं झाली. माझ्या हाताला कुणी नाव ठेवत नाही, तारखेला ठेवतात. सांगितलेल्या दिवशी कपडा कधी तयार नसतो. एकटी बाई किती शिवणार? वर्षभरापूर्वी समोर तयार कपड्यांचं दुकान निघालं आणि गिऱ्हाईक आमच्याकडे पाठ करून तिकडे जायला लागलं. पाठीमागून सगळ्यांचे तयार कोट दिसतात. एकाचीही पाठ धड बसलेली नाही.

दुकान बंद पडलं तर मला भावाकडे जावं लागेल. त्याच्या चारशे कोंबड्या आहेत आणि त्या राखायला त्याला मी हवी आहे. वन्संना त्यानं बोलावलेलं नाही. मी विचारलं होतं, तर म्हणाला, जागा एकाचीच आहे. म्हणून हे कपाट घेतलं.

दिसायला साधं लोखंडी, दोन कप्प्यांचं. दारावर चकती, चकतीवर एक ते तेरा आकडे. शिवून झालेला कपडा आत ठेवायचा, चकती समजा तीनवर फिरवायची, दार लावायचं. तो कपडा तीन दिवस आधी याच कपाटात येऊन पडतो आणि घंटा वाजते. म्हणजे आपल्याला आधी तयार कपडा मिळतो. तो गिऱ्हाइकाला देऊन टाकायचा. मग कपाटावर लाल दिवा लागतो, तो म्हणजे आता मुकाट्यानं बसा आणि तोच कपडा शिवा. शिवून आत टाकला की दिवा विझतो. तेरा दिवसांच्या आत टाकायलाच हवा.

वन्संनी विचारलं, कपडा आलाच आहे तर परत शिवायचा कशाला? मिस्त्री म्हणाला, शिवला नाही तर आलेला नाहीसा होतो. वन्सं म्हणाल्या, म्हणजे काम तेवढंच, शिव्या तेवढ्या कमी. बरोबर बोलल्या.

जिवंत काही आत घालायला बंदी आहे. कारखान्यात कुणीतरी मांजर घातलं होतं. एकाची दोन झाली आणि दोन्ही एकमेकांवर फिस्कारत बसली.

३ तारीख, बुधवार

सकाळी पहिली घंटा वाजली. आत बँडमास्तरची पांढरी विजार. कापड त्यानं कालच टाकलं होतं आणि रविवारी मिरवणूक आहे म्हणून आज सकाळी तो तगादा लावायला आला. मी विजार काढून त्याच्या हातात दिली. तो विजारीकडे बघतो, माझ्याकडे बघतो. शेवटी कपाटाच्या मागे जाऊन बघून आला. अकरा वर्षं माझ्याकडे शिवतोय, वेळेवर कपडा कसा दिसतो हे त्याला माहीतच नव्हतं.

मिस्त्री आला होता. म्हणे बिजागरी करकरते. मला काही ऐकू आलं नाही. तेल घातलं, चहा घेतला, गेला.

४ तारीख, गुरुवार

मिस्त्री परत. आज म्हणे चकती सैल आहे. घट्ट केली. मग म्हणे फार घट्ट झाली, सैल केली. त्याची ती हत्यारांची पेटी खांद्यावर लटकलेली असते आणि येताना-जाताना दारात अडकते. माझ्या कापडाच्या गठ्ठ्याला धक्का, पुतळ्याला धक्का. म्हटलं, पेटी बाहेर ठेवत जा. म्हणाला, सवय झालीय बाई, पंचवीस वर्षं याच खांद्यावर आहे. चहा पिताना माझ्या मशीनचा आवाज ऐकत बसला. म्हणाला, मशीनला तेल हवंय. मी म्हटलं, मशीन माझं आहे.

५ तारीख, शुक्रवार

आज काहीतरी चुकीचं आलं.

घंटा वाजली, आत पुरुषाचा कोट. शेवाळी रंगाचा, विटकरी अस्तर. असला कोट मला कुणी सांगितलेला नाही. असलं कापड दुकानात नाही. गिऱ्हाइकांच्या मापांची वही काढून पहिल्या पानापासून शेवटपर्यंत बघितली, हे माप कुणाचंही नाही.

तरी कोट माझाच आहे. दोरा संपवताना मी तीन वेढ्यांची गाठ घालते, माझ्या आईची आहे ती. दुसऱ्या कुणाला येत नाही, वन्संनासुद्धा मी शिकवलेली नाही. ती गाठ या कोटात जागोजागी आहे.

पण कापला कसा आहे बघा. डावा खांदा बोटभर खाली. उजव्या बाजूला आतून एक खिसा, वीतभर लांब आणि दोन बोटं रुंद. त्यात काय ठेवणार, बासरी? उजव्या बाहीच्या काठाला काळा डाग, अंगठ्याएवढा. आणि अस्तराची तुरपाई सगळी हातानं केलेली. बारीक, तांदळासारखे टाके. मी गिऱ्हाइकाला हातानं तुरपाई करून देत नाही, वेळच नसतो. जन्मात एकाच माणसाच्या कोटाला केली होती, त्याला जाऊन नऊ वर्षं झाली.

म्हणजे येत्या तेरा दिवसांत मी वाकडं कापणार आहे, डाग पाडणार आहे आणि कुण्या सरदाराच्या अस्तराला हातानं टाके घालत बसणार आहे. माझं डोकं फिरणार आहे का?

मिस्त्री आला होता, कपाटाचे पाय समपातळीत आहेत का ते बघायला. त्याला म्हटलं, तुमच्या कपाटानं कुणाचा तरी कोट उचलून आणलाय. त्यानं कोट हातात धरून बराच वेळ बघितला. म्हणाला, फार सुंदर शिवलाय, ज्याचा असेल तो नशीबवान. असल्या बोलण्यानं कपाट दुरुस्त होत नाही. वन्सं तोंडावर पदर धरून खोकत होत्या.

६ तारीख, शनिवार

येईल त्या पुरुषाला कोट चढवून बघितला. टपालवाल्याला खांद्यात तंग. खाटकाचा हात बाहीत कोपरापर्यंत गेला आणि अडकला, दोघींनी ओढून काढला. समोरच्या दुकानाचा मालक टेहळणी करायला आला होता, त्यालाही चढवला. लोंबला. त्याला तो आवडला, विकत मागत होता. हाकलला.

वन्सं म्हणाल्या, वहिनी, सगळ्यांना घालून बघितलास का? मी म्हटलं, दुकानात आलेल्या सगळ्यांना. त्या म्हणाल्या, सगळ्यांना? मी म्हटलं, गिऱ्हाईक म्हणून आलेल्या सगळ्यांना. त्यांनी बटणाचा डबा पुढे ओढला. कधी कधी त्या अर्धं बोलून सोडतात. मला राग येतो.

डाग साबणानं घासला. जात नाही. बिजागरीच्या तेलासारखा वास येतो.

७ तारीख, रविवार

नाक कापलं गेलं.

बँडमास्तरची विजार मी अजून शिवलेली नव्हती. कापड टेबलावर पडलं होतं. आणि आज सकाळी वन्संना वाटलं की विजार तर बुधवारीच देऊन झाली, म्हणजे हे उरलेलं कापड आहे. त्यांनी त्याचे स्टुलावरच्या उशीला अभ्रे कापले. शिंपिणीच्या घरची बाई, विजार गिऱ्हाइकाच्या अंगात आणि तिचं कापड टेबलावर, असं कधी बघितलं होतं त्यांनी? त्यांची तरी काय चूक म्हणा. तरी मी बोलायचं ते बोलले.

इकडे कात्री चालली आणि तिकडे चौकात मिरवणूक चालली होती. बँडमास्तर पुढे, मोठा भोंगा गळ्यात. विजार गेली. फाटली नाही, घसरली नाही, गेली. लोक म्हणतात सूर एकदाही चुकला नाही. भोंगा मोठा होता एवढं बरं. तो भोंग्याआडून वाजवतच दुकानापर्यंत आला, मागे सगळा बँड, त्याच्या मागे मिरवणूक. मी त्याला तयार होता तो अभ्रा दिला.

८ तारीख, सोमवार

बोभाटा झालाच होता. कपाटांचा तपासनीस आला. किडकिडीत माणूस, हातात शिशाचं सील आणि तार. म्हणाला, कपडा नाहीसा होणं हा गुन्हा आहे, पहिला म्हणून सोडतो. दुसरा कपडा नाहीसा झाला की कपाटाला सील, आणि परत कधी कपाट मिळणार नाही. मग त्यानं लाल दिव्याकडे बोट केलं. कोणता कपडा बाकी आहे?

कोट दाखवला. पाच तारखेला आलाय, म्हणजे अठराच्या आत टाकायला हवा. अठराला चार वाजता येतो म्हणाला. वन्संनी विचारलं, आणि नाही जमलं तर? त्यानं शिशाचं सील टेबलावर ठेवून दाखवलं.

भावाला कसं कळलं कुणास ठाऊक, त्याचा निरोप आला आहे की कोंबड्यांची खोली झाडून ठेवली आहे. वन्सं हसल्या आणि म्हणाल्या, तू जा, माझं मी बघेन. काय बघणार आहेत? त्यांना काजं करता येतात. काज करायला कोट लागतो.

९ तारीख, मंगळवार

आज मिस्त्री आल्या आल्या म्हणाला, कपाट थोडं दमल्यासारखं वाटतं. माझं डोकं सटकलं. नऊ दिवसांत सात खेपा झाल्या याच्या. ज्याला एक कपाट सात खेपांत दुरुस्त होत नाही तो मिस्त्री कसला? तरी बोलले नाही, त्यानं माझ्या मशीनमध्ये तेल घातलं होतं, मी आत गेले असताना, न विचारता. मशीन आता आवाज करत नाही. हे मात्र खरं आहे.

पण खरं ते खरं. कपाटवाल्या कारखान्याला चिठ्ठी लिहिली की तुमचा मिस्त्री कामात कच्चा आहे, दुसरा पाठवा. वन्संनी चिठ्ठी वाचली आणि म्हणाल्या, टाकू नकोस. मी म्हटलं, का? म्हणाल्या, उगाच. उगाच हे काही कारण नाही. टाकली.

११ तारीख, गुरुवार

आनंदाची गोष्ट: कोटावरचा डाग गेला. काल साबणाऐवजी सोडा लावला होता, आज सकाळी बघते तर नाही. एवढं साधं होतं.

नवा मिस्त्री आला. तरुण, चटपटीत, चहा नको म्हणाला. कपाट उघडलं, बंद केलं, चकती फिरवली. म्हणाला, यात काही बिघाड नाही. मी म्हटलं, बिजागरी? म्हणाला, कोरी आहे. चकती? कोरी आहे. पाय? त्यानं माझ्याकडे असं बघितलं, जणू मी वेडी आहे. म्हणाला, या कपाटाला महिन्यातून एक खेप पुरे.

मग तो म्हातारा नऊ दिवस इथं काय करत होता? मी हे वन्संना विचारलं. त्यांनी कपाळ टेबलावर टेकवलं आणि तसंच राहू दिलं. त्यांना हल्ली लवकर थकवा येतो.

जुन्या मिस्त्रीचं काय केलं म्हणून नव्याला विचारलं. म्हणाला, तक्रार आली म्हणून त्याची बाहेरची कामं बंद केलीत. कारखान्यात बसून बिजागऱ्या घासतो. मी सहज विचारलं होतं.

१२ तारीख, शुक्रवार

कोट शिवायचा तर कापड हवं. दोन दिवस गावातली सगळी दुकानं पालथी घातली. शेवाळी मिळतं ते जाड, पातळ मिळतं ते हिरवं. घरी येऊन पाय चोळत बसले, तर वन्सं आतल्या खोलीत गेल्या आणि त्यांच्या पत्र्याच्या पेटीतून एक घडी घेऊन आल्या. तेच कापड. आत विटकरी अस्तरसुद्धा.

म्हटलं, हे कुठून? म्हणाल्या, दादानं घेतलं होतं स्वतःच्या कोटाला, गेला त्या वर्षी. तुला रंग आवडणार नाही म्हणून माझ्याकडे लपवून ठेवलं. रंग मला खरंच आवडत नाही.

मी म्हटलं, मग तुम्ही आठ दिवस गप्प का बसलात, पहिल्याच दिवशी ओळखलं असेल ना? म्हणाल्या, ओळखलं. द्यायचं की नाही ते ठरवत होते. आता ठरलं.

"कापडाला नऊ वर्षं घडीत ठेवायचं नसतं, वहिनी," असं म्हणाल्या आणि माझ्या मांडीवर ठेवलं. घडीला कसर लागली नव्हती, रंगही विटला नव्हता. मग नऊ वर्षांत काय बिघडलं?

१३ तारीख, शनिवार

कापला. सरळ. मला वाकडं कापता येत नाही, आणि येत असलं तरी मी कापणार नाही.

कोट ज्या खिळ्याला टांगलाय तिथं त्याचा डावा खांदा धुरकट दिसायला लागला आहे. कापड हलकं असणार. मेलेल्या माणसाला काय बोलायचं, पण खरेदी त्याला कधी जमली नाही.

१६ तारीख, मंगळवार

मशीनवर घेतलं असतं तर अस्तर तासात झालं असतं. तीन दिवस हातानं तुरपाई करत बसले. कपाटाला तेच हवं असणार म्हणून. मान धरली. बोटाला दोनदा सुई टोचली. दुपारी वन्संनी आतून विचारलं, चहा किती कप? मी म्हटलं, तीन. मग तिसरा कप तिथंच गार झाला. नऊ दिवसांत लागलेली सवय आहे, दुसरं काही नाही.

संध्याकाळी नवा कोट कपाटात ठेवला. चकती अकरावर, दार लावलं. दार उघडलं. परत लावलं, परत आपोआप उघडलं. नको असलेलं ताट सरकवावं तसा कोट बाहेर आला. आलं तेच जायला हवं. सरळ खांदा चालत नाही त्याला.

मी त्या कपाटाला लाथ मारली. लोखंडी आहे.

१७ तारीख, बुधवार

खांदा उसवला. आलेल्या कोटावर टेप लावून बोटभर खाली घेतला. माझ्या सासऱ्यांनी मला पहिला धडा दिला होता की सरळ कुणालाही कापता येतं, वाकडं कापायला समोर माणूस लागतो. माणूस नसताना वाकडं कापताना दोनदा कात्री खाली ठेवली. लिहायला लाज वाटते, पण रडू आलं. रागानं.

तरी खांदा खाली गेला तसा खिळ्यावरच्या कोटाचा धुरकटपणा गेला. खांदा भरून आला. पण बाकीचा कोट मात्र आता पातळ पडायला लागलाय. आरपार भिंतीवरचा खिळा दिसतो.

लांब खिसाही केला. वन्संनी त्यात त्यांची मोठी कात्री घालून बघितली, मग मोजपट्टी, मग म्हणाल्या, पेचकस बरोबर बसेल नाही? मी म्हटलं, पेचकस घेऊन कोट घालून कोण फिरतं? त्या म्हणाल्या, "देवा." एवढंच.

१८ तारीख, गुरुवार

सगळं नीट लिहायला हवं. पाय दुखताहेत, तरी लिहिते.

सकाळी कोट ठेवला, चकती तेरावर. दार उघडलं. सगळं तेच होतं. खांदा तोच, खिसा तोच, टाकेसुद्धा मोजले होते. नाही घेतला. मी खाली बसले. म्हटलं, वन्सं, संपलं, कोंबड्या.

तेव्हा वन्संनी सुई खोचून ठेवली आणि पहिल्यांदा काही अर्धं न सोडता बोलल्या.

"वहिनी, तू गावातल्या प्रत्येकाचा खांदा मोजतेस. पंचवीस वर्षं एकाच खांद्यावर पेटी वाहणाऱ्या माणसाचा खांदा कसा असेल?"

मी उठले. मग कोट कागदात गुंडाळला आणि निघाले.

कारखाना दोन गाड्या बदलून आहे. दारावरचा माणूस कुणाला भेटायचंय विचारत होता, मी थांबले नाही. मागच्या शेडमध्ये बिजागऱ्यांचा ढीग आणि ढिगामागे तो, कानस घेऊन घासत होता. मला बघून उभा राहिला. पेटी खाली जमिनीवर होती. तरी खांदा खालीच. डावा. बोटभर.

नऊ दिवस हा माणूस माझ्यासमोर बसून चहा प्यायला आणि मी त्याची पेटी बघत होते.

तो म्हणाला, "बाई, बिजागरी कधीच करकरत नव्हती."

"माहीत आहे. नव्यानं सांगितलं."

"मग?"

"मग काय, हात वर करा."

शेडमधल्या बाकीच्यांच्या कानशी थांबल्या होत्या. मी कोट चढवला. खांदा असा बसला की मला मागे सरून बघावं लागलं. पाठ सपाट, कॉलर मानेला चिकटून. पेचकस त्यानं सवयीनं, न बघता, त्या खिशात घातला. आत गेला, वर फक्त मूठ राहिली. वाकड्या अंगावर वाकडा कोट सरळ दिसत होता. लोक याला चूक म्हणतील, मी स्वतः म्हटलं होतं.

मग त्यानं उजवी बाही खाली ओढली आणि अंगठ्यानं काठ नीट केला. अंगठा तेलानं काळा. तीन दिवसांची तुरपाई, आणि त्याच्यावर काळा डाग. मी तोंड उघडलं. शिव्या अगदी ओठावर आल्या होत्या, चार-पाच तरी. आणि मला तो डाग ओळखू आला. तीच जागा, तेवढाच, वरच्या बाजूला जरा तिरका.

सोड्यानं गेला नव्हता तर. मी चिठ्ठी टाकली, याचं येणं थांबलं, म्हणून गेला होता.

मी म्हटलं, काढा. तो बिचारा घाबरला, म्हणाला, मी पुसून देतो. मी म्हटलं, पुसाल तर बघा. चला माझ्याबरोबर, कपाटाला काम आहे. त्यानं विचारलं, बिघडलंय? मी म्हटलं, हो, सगळं.

दुसरी गाडी चुकली. उरलेलं अंतर पळालो. माझं वय बघता आणि त्याची पेटी बघता पळालो म्हणणं जरा जास्त आहे. वाटेत एकदा पेटी मी घेतली, माझ्या उजव्या खांद्यावर. फार जड आहे ती. पंचवीस वर्षं.

दुकानात तपासनीस तार ओवून तयार. घड्याळात चारला तीन मिनिटं कमी. वन्संनी त्याला चौथा चहा पाजून अडवून धरला होता आणि तो संडास कुठं आहे विचारत होता. खिळ्यावर कोटाची नुसती सावली उरली होती. मी नवा कोट आत ठेवला, चकती तेरावर, दार लावलं. मिस्त्रीनं दारावर हात ठेवला, नुसता, जसा गुराच्या पाठीवर ठेवतात. दार बंदच राहिलं.

दिवा विझला. खिळ्यावर कोट होता. जाड, शेवाळी, काळ्या डागासकट.

तपासनिसानं विचारलं, गिऱ्हाईक कोण, नाव लिहायला हवं. मी म्हटलं, हे. त्यानं मिस्त्रीकडे बघितलं, कोटाकडे बघितलं, म्हणाला, खांदा वाकडा आहे बाई तुमचा. मी म्हटलं, माझा नाही, यांचा, आणि तुम्हाला त्यात काही कळत नाही. तो घाईत होता, सही करून आत पळाला.

भावाला निरोप पाठवला की कोंबड्यांनी माझी वाट बघू नये.

२० तारीख, शनिवार

कारखान्याला दुसरी चिठ्ठी लिहिली. जुनाच मिस्त्री पाठवा, नवा चहा पीत नाही. काल संध्याकाळी जुना येऊन गेला. नवा कोट घालून, पेटी बाहेर ठेवून. गंमत म्हणजे आता बिजागरी खरंच करकरते, आणि तो तेल आणायला विसरला होता. उद्या आणतो म्हणाला. परवासुद्धा एक खेप लागेल म्हणाला. मी म्हटलं, कपाट जुनं होत चाललंय, लागणारच. वन्सं परत खोकत होत्या. औषध आणायला हवं त्यांना.

आज सकाळी घंटा वाजली.

आत एक अ‍ॅप्रन. शिवणकाम करताना बांधतात तसा, बायकी. माप माझं. कमरेला इंचभरही इकडे-तिकडे नाही. माझं माप आजवर कुणी घेतलेलं नाही, मी स्वतःसुद्धा नाही. ज्यानं घेतलं त्यानं डोळ्यांनीच घेतलं असणार.

शिवण बघून मात्र अंगावर काटा आला. टाके बोटाएवढे, एक पूर्वेला एक पश्चिमेला. पट्टा पिळलेला. खिसा निखळू नये म्हणून चक्क तारेनं आवळलेला. खालच्या काठापासून गळ्यापर्यंत एक सरळ रेघ नाही. असलं घाणेरडं शिवण मी जन्मात बघितलेलं नाही, आणि मी समोरच्या दुकानाचा माल रोज बघते.

पण दोरा संपतो तिथं गाठ आहे. तीन वेढ्यांची. उलटी घातलेली, पण माझीच.

बांधून बघितला. आरशात उभी राहिले. वन्संनी बाहेरून विचारलं, कसा बसतोय? मी म्हटलं, वाईट. काढला नाही.

लाल दिवा लागला आहे. हातात तेरा दिवस. मिस्त्रीला निरोप पाठवला आहे की उद्या येताना चष्मा आणावा, हात साबणानं धुवून यावं आणि पेटीतली तार घरी ठेवावी. आणलीच तर थोडी आणावी, खिशापुरती.